भरती रद्द झाली, आम्ही निवेदने देत राहिलो. आता दाद मागता येईल का?

वाचकाचा प्रश्न (ओळख पटेल असे तपशील वगळून, थोडक्यात): मी नागपुरात राहते. राज्य शासनाच्या एका विभागाच्या गट-क भरतीत मी लेखी परीक्षा दिली, कागदपत्रांची पडताळणी झाली आणि तात्पुरत्या निवड यादीत माझे नाव आले. नियुक्तिपत्राची वाट पाहत असतानाच, साधारण अडीच वर्षांपूर्वी, ‘अनियमितता व प्रशासकीय कारणास्तव’ संपूर्ण भरती रद्द केल्याचे दोन ओळींचे पत्र संकेतस्थळावर आले. दोन महिन्यांच्या आत मी लेखी निवेदन दिले. भरती रद्द झाल्यानंतर आठव्या महिन्यात माझे सिझेरियन झाले आणि बाळ काही आठवडे अतिदक्षता कक्षात होते. पुढे आम्ही उमेदवारांनी दोन हिवाळी अधिवेशनांत मंत्र्यांना आणि आमदारांना निवेदने दिली. चार महिन्यांपूर्वी कार्यालयाचे उत्तर आले की नव्या जाहिरातीनुसार अर्ज करावा. आता ती जाहिरात निघाली आहे, पण मी खुल्या प्रवर्गाची ३८ वर्षांची मर्यादा ओलांडली आहे. आमच्यापैकी काही जण वेळीच मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) गेले होते आणि त्यांच्या बाजूने निकाल लागल्याचे कळते. अभ्यासिकेतले मित्र म्हणतात, उत्तर नुकतेच आले म्हणजे मुदत आता सुरू झाली आणि अन्यायाला मुदत नसतेच. पती म्हणतात, विषय सोडून दे. मी काय करावे?

उत्तर: तुम्ही या अडीच वर्षांत स्वस्थ बसलेला नाहीत, हे तुमच्या पत्राच्या प्रत्येक ओळीतून दिसते. निवेदनाच्या प्रती, त्यांवरचे आवक शिक्के, कोणत्या तारखेला कोणाला भेटलो याच्या नोंदी, हे सारे तुम्ही जपून ठेवले आहे. तरीही सुरुवातीलाच एक कठोर गोष्ट सांगणे भाग आहे, कारण पुढचे सर्व तिच्यावर अवलंबून आहे: कायद्याच्या दृष्टीने या काळात तुम्ही दाद मागितलेलीच नाही. निवेदन ही विनंती असते आणि ती मान्य करायची की नाही हे ज्याने निर्णय घेतला त्याच्याच हाती असते. मुदत थांबते ती न्यायाधिकरणात किंवा न्यायालयात अर्ज दाखल झाल्यावर.

नागपुरात हा गैरसमज अधिक खोलवर रुजलेला दिसतो आणि त्याचे कारण समजण्यासारखे आहे. डिसेंबरात अधिवेशन आपल्या दारात येते. यशवंत स्टेडियमच्या परिसरात धरणे असतात, शिष्टमंडळाला आत बोलावले जाते, मंत्री निवेदन घेतात, ‘तपासून कार्यवाही करावी’ असा शेरा त्यावर पडतो आणि आपला प्रश्न सरकारदरबारी पोहोचला असे वाटू लागते. प्रश्न पोहोचतो हे खरे आहे आणि काही वेळा सुटतोही. म्हणून त्या वाटेने जाऊच नये असे मी म्हणणार नाही. पण त्या शेऱ्यामुळे मुदतीचा एक दिवसही वाढत नाही, आणि हे तिथे उभ्या असलेल्या शेकडो मुलामुलींना कोणी सांगत नाही, याचे मला मनापासून वाईट वाटते.

आता तुमच्या प्रकरणातला हिशेब पाहू. राज्य शासनाच्या सेवेतील पदांवरील भरतीचा वाद महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे, म्हणजे मॅटकडे जातो आणि त्याचे एक खंडपीठ नागपुरातच आहे. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम २१ नुसार अंतिम आदेशापासून एका वर्षाच्या आत अर्ज दाखल करावा लागतो. अपील किंवा निवेदन दिले असेल आणि सहा महिन्यांत त्यावर निर्णय झाला नसेल, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष मिळते. हे दुसरे गणित तुम्हाला लागू झाले, तर निवेदनापूर्वीचे दोन महिने, नंतरचे सहा आणि मग बारा असे वीस महिने होतात आणि तुमचा विलंब सुमारे दहा महिन्यांचाच उरतो. पण यावर विसंबू नका. एस. एस. राठोर विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या १९८९ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने स्पष्ट केले आहे की ज्या निवेदनाची तरतूद नियमांतच नाही, असे निवेदन मुदत मोजताना विचारात घेतले जाणार नाही. भरती रद्द होण्याविरुद्ध विभागाकडे निवेदन देण्याची तरतूद तुमच्या भरतीच्या नियमांत असण्याची शक्यता फारच कमी आहे. म्हणून सावध हिशेब असा की तुमची मुदत रद्द झाल्याच्या पत्रापासून एका वर्षाने संपली आणि विलंब सुमारे अठरा महिन्यांचा आहे. अर्जात अठरा महिन्यांचा विलंब मान्य करून त्याची माफी मागावी आणि दहा महिन्यांचे गणित पर्यायी मुद्दा म्हणून मांडावे. उलट क्रम लावला आणि दहा महिन्यांचे गणित फसले, तर उरलेल्या आठ महिन्यांबद्दल अर्जात एकही शब्द नसल्याचे आढळते आणि तेवढ्यावर प्रकरण संपू शकते.

चार महिन्यांपूर्वीच्या उत्तराने मुदत नव्याने सुरू झाली, हा मित्रांचा तर्क मला मान्य नाही आणि न्यायालयांनाही तो मान्य नाही. सी. जेकब प्रकरणात (२००८) सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की जुन्या, मुदत संपलेल्या मागणीवर प्रशासनाने उत्तर दिले म्हणून ती मागणी पुन्हा जिवंत होत नाही. पुढे २०१० मध्ये याला जोडून असेही सांगण्यात आले की ‘निवेदनावर निर्णय घ्या’ असा आदेश न्यायालयाकडून मिळवला आणि त्याप्रमाणे निर्णय झाला, तरी विलंब मूळ तारखेपासूनच मोजला जाईल. हे मुद्दाम लिहितो, कारण ‘आधी निवेदनावर निर्णय घेण्याचा आदेश आणू, मग त्या निर्णयाला आव्हान देऊ’ असा सल्ला अनेकांना दिला जातो. त्यात आणखी एक वर्ष जाते आणि हाती काही येत नाही.

‘अन्यायाला मुदत नसते’ हे वाक्य मात्र मला अधिक अस्वस्थ करते, कारण ते तुमच्यासारख्या प्रामाणिक उमेदवाराला खरे वाटते. मुदत ही निव्वळ तांत्रिक अडचण आहे असे तुम्ही गृहीत धरले आहे. थोडे थांबून त्याकडे दुसऱ्या बाजूने पाहा. नवी जाहिरात निघाली आहे. तुमच्याच अभ्यासिकेत, तुमच्या शेजारच्या टेबलावर बसणारी एखादी मुलगी, जी पहिल्या भरतीच्या वेळी पदवीच्या दुसऱ्या वर्षाला होती, ती आज त्याच जागांसाठी अर्ज करते आहे. तिने कोणावर अन्याय केलेला नाही. उद्या तिची निवड झाली आणि वर्षभराने जुनी यादी पुन्हा लागू करावी लागली, तर तिचे काय करायचे, हा प्रश्न न्यायाधीशांसमोर असतो. उच्च न्यायालयाच्या रिट अधिकारासाठी, म्हणजे शासनाच्या निर्णयाविरुद्ध थेट याचिका ऐकण्याच्या अधिकारासाठी, तर ठरावीक मुदतही नाही. तरीही सेवाविषयक प्रकरणांत सहा महिने किंवा फार तर वर्षभरात यावे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७४ मध्येच म्हटले होते, ते याच विचारातून. ही गोष्ट तुम्हाला खिजवण्यासाठी सांगत नाही. त्यातून तुमच्यासाठी एक व्यावहारिक निष्कर्ष निघतो: नव्या भरतीत एकही नियुक्ती होण्यापूर्वी तुमचा अर्ज दाखल झाला, तर विलंबामुळे इतरांचे नुकसान झाले हा विभागाचा मुद्दा बराच दुबळा होतो. नियुक्त्या झाल्यानंतर त्या सर्वांना प्रतिवादी करावे लागेल आणि पारडे तुमच्या विरुद्ध झुकेल.

यानंतर ज्या गोष्टीला तुम्ही पत्रात केवळ एक वाक्य दिले, तिच्याकडे येतो. प्रसूती आणि बाळाचे आजारपण ही ‘घरगुती बाब’ आहे, ती न्यायालयात कशी सांगायची, असा तुमचा संकोच दिसतो. तो सोडा. कलम २१ च्या उपकलम ३ नुसार पुरेसे कारण दाखवल्यास न्यायाधिकरण विलंब माफ करू शकते, आणि मुदत संपत येण्याच्या नेमक्या काळात सिझेरियन, त्यानंतर नवजात बाळ अतिदक्षता कक्षात, यापेक्षा खरे कारण कोणते असणार? रुग्णालयातून सुटीच्या वेळी मिळालेला सारांश, बाळाची कागदपत्रे, पुढच्या तपासण्यांच्या चिठ्ठ्या, सर्व काढून ठेवा. कातीजी प्रकरणात (१९८७) न्यायालयाने म्हटले होते की प्रत्येक दिवसाच्या विलंबाचा खुलासा हवा, याचा अर्थ अवाजवी काटेकोरपणा करावा असा नव्हे. अलीकडच्या निकालांचा सूर याहून कडक आहे, त्यामुळे केवळ त्या वाक्यावर भिस्त ठेवता येणार नाही, पण वैद्यकीय कागदपत्रांनी सिद्ध होणारा काळ सहसा नाकारला जात नाही.

अवघड काळ त्यानंतरचा आहे. बाळ सावरल्यावरची दीड-पावणेदोन वर्षे तुम्ही काय करत होता, असे विचारले जाईल, आणि ‘काही उमेदवार मॅटमध्ये गेल्याचे तुम्हाला केव्हा कळले?’ हा प्रश्न तर विभागाचे वकील हमखास विचारतील. याचे उत्तर सजवू नका. निवेदनांतून न्याय मिळेल अशी प्रामाणिक समजूत होती, कायदेशीर सल्ला मिळाला नव्हता, लहान बाळामुळे बाहेर पडणे मर्यादित होते, यांपैकी जे खरे असेल तेवढेच तारखांसह लिहा. शिक्क्याच्या निवेदनांचा उपयोग इथे आहे: त्यांनी मुदत वाढत नाही, पण तुम्ही हक्क सोडून दिला नव्हता हे दिसते. विलंब माफीचा अर्ज मूळ अर्जासोबत, स्वतंत्र आणि प्रतिज्ञापत्रासह द्यावा लागतो. तो नसेल तर न्यायाधिकरणाला गुणवत्तेवर, म्हणजे मूळ वादावर, निर्णय देता येत नाही, असा सर्वोच्च न्यायालयाचा १९९९ चा निकाल आहे. ‘आमचा अर्ज मुदतीतच आहे’ असे ठासून लिहिले की हा अर्ज करायचा राहून जातो.

समजा, विलंब माफ झाला. मग काय? निवड यादीत नाव होते म्हणजे नोकरी आपलीच होती, असे तुम्ही धरून चालला आहात. कायदा तितका पुढे जात नाही. शंकरसन दाश प्रकरणात (१९९१) घटनापीठाने सांगितले की यादीत नाव आल्याने नियुक्तीचा अबाधित हक्क मिळत नाही, मात्र जागा न भरण्याचा निर्णय शासनाला मनमानीने घेता येत नाही. तो प्रामाणिक आणि योग्य कारणांसाठीच हवा. म्हणजे तुमची लढाई ‘माझी नोकरी परत द्या’ ही नसून ‘रद्द करण्याचे कारण टिकते का’ ही आहे. सीबीआयच्या शिपाई भरतीच्या प्रकरणात (२००३) गैरफायदा मिळालेले उमेदवार वेगळे काढता येत होते, म्हणून संपूर्ण यादी रद्द करणे चुकीचे ठरले. उलट पश्चिम बंगालमधील शाळांच्या भरतीत गैरप्रकार इतके खोल गेले होते की एप्रिल २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पंचवीस हजारांहून अधिक नियुक्त्या रद्द करण्याचा निर्णय कायम ठेवला. आपल्याकडे ऑक्टोबर २०२१ मध्ये आरोग्य विभागाच्या परीक्षेची प्रश्नपत्रिका फुटली, तेव्हाही हीच अडचण होती: फुटलेला पेपर कोणाकोणाच्या हाती गेला हे सांगणे कठीण असेल तर दोषी आणि निर्दोष वेगळे कसे करायचे?

म्हणून तुमच्या भरतीतील ‘अनियमितता’ नेमकी कोणती, हे कळल्याशिवाय तुमची बाजू बळकट की दुबळी हे कोणीही सांगू शकणार नाही, मीही नाही. बिंदुनामावलीतील (आरक्षणानुसार पदांचा क्रम ठरवणाऱ्या तक्त्यातील) चूक असेल, एखाद्या केंद्रावरचा गोंधळ असेल, तर ती दुरुस्त करता आली असती असे म्हणण्यास वाव आहे. पेपरच फुटला असेल तर वाव थोडा आहे. दोन ओळींच्या पत्रात नेमके कारण नाही, ही गोष्ट मात्र तुमच्या बाजूची आहे, कारण आदेशाची वैधता त्यात लिहिलेल्या कारणांवरच तपासली जाते, नंतर प्रतिज्ञापत्रातून नवी कारणे जोडता येत नाहीत, हे तत्त्व मोहिंदर सिंग गिल प्रकरणापासून (१९७७) प्रस्थापित आहे. रद्द करण्याच्या निर्णयाची टिपणी आणि चौकशी अहवाल माहितीच्या अधिकारात मागा. अर्जाला दहा रुपये लागतात, उत्तराची मुदत तीस दिवसांची आहे, आणि राज्याच्या नियमांनुसार अर्ज एकाच विषयापुरता व दीडशे शब्दांच्या आत ठेवावा लागतो. पण माहिती येईपर्यंत न्यायाधिकरणात जायचे थांबू नका. पहिले अपील, दुसरे अपील करता करता आणखी एक वर्ष जाईल. माहिती नंतरही जोडता येते.

खरे तर याहून जवळचा मार्ग आहे. जे उमेदवार वेळीच मॅटमध्ये गेले, त्यांच्या प्रकरणात विभागाने उत्तरादाखल प्रतिज्ञापत्र दिलेलेच असणार आणि त्यात कारणे असणार. ते आणि निकालाची प्रत मिळवा. ‘त्यांच्या बाजूने निकाल लागला’ एवढ्या ऐकीव माहितीवर काहीही ठरवू नका. निकालाचा शेवटचा, आदेशाचा भाग शब्दशः वाचा. रद्द करण्याचे पत्रच रद्दबातल ठरवले असेल, तर त्याचा परिणाम सर्वांपर्यंत पोहोचतो असे म्हणता येईल. केवळ ‘अर्जदारांच्या बाबतीत फेरविचार करावा’ असा आदेश असेल, तर तो त्यांच्यापुरताच आहे. अरविंद कुमार श्रीवास्तव प्रकरणातील निकाल (२०१४) तुमच्या वकिलांनी नीट वाचायला हवा: समान स्थितीतील सर्वांना समान लाभ मिळावा हा सामान्य नियम, पण जे कुंपणावर बसून राहिले आणि दुसरे जिंकल्यावर जागे झाले त्यांना तो लाभ देण्याचे बंधन नाही, हा त्याला अपवाद. तुम्ही कोणत्या बाजूला मोडता हे तुमच्या विलंबाच्या खुलाशावर ठरेल, म्हणूनच त्याबद्दल मी इतके सविस्तर लिहिले.

आता ज्या पर्यायाचा तुमच्या पत्रात उल्लेखच नाही आणि जो मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो, त्याविषयी. तुमचे आजचे नुकसान भरती रद्द झाल्याने जितके झाले, तितकेच नव्या जाहिरातीतील वयोमर्यादेने होते आहे. जुनी भरती शासनाने रद्द केली, त्यात तुमचा दोष नव्हता, नव्या जाहिरातीला अडीच वर्षे लागली आणि तेवढ्यात तुमचे वय उलटून गेले. रद्द झालेल्या भरतीतील उमेदवारांना वयात सवलत न देणे हा वेगळा मुद्दा आहे आणि तो नव्या जाहिरातीने निर्माण झाला आहे. त्याची मुदत खरोखरच आता सुरू झाली आहे. तिथे तुम्हाला विलंबाची माफी मागावी लागणार नाही. न्यायाधिकरण स्वतः वय शिथिल करण्याचा आदेश सहसा देत नाही, कारण ते धोरण शासनाचे. पण शासनाने विचार करावा आणि तोवर उमेदवाराला तात्पुरता प्रवेश द्यावा, असे अंतरिम आदेश मिळू शकतात. मार्च २०२३ मध्ये राज्य शासनाने सरळसेवा भरतीसाठी कमाल वयोमर्यादेत दोन वर्षांची शिथिलता दिली होती, ती ३१ डिसेंबर २०२३ पर्यंतच्या जाहिरातींपुरती. तिचा लाभ तुम्हाला आज थेट मिळणार नाही, परंतु रखडलेल्या भरतीचा फटका उमेदवारांच्या वयाला बसू नये हे शासनाला अमान्य नाही, एवढे त्यातून दाखवता येते.

त्यासाठी नव्या भरतीचा अर्ज भरण्याचा प्रयत्न अवश्य करा. नवा अर्ज केल्यास जुना हक्क गेला असे होईल, ही भीती तुमच्या मनात असेल, तर विभागाला स्पीड पोस्टाने स्वतंत्र पत्र पाठवा की जुन्या भरतीबाबतचे माझे हक्क अबाधित ठेवून मी हा अर्ज करत आहे आणि मला वयात सवलत मिळावी. जन्मतारीख टाकल्यावर संगणक प्रणाली अर्ज स्वीकारत नसेल, तर त्या पडद्याचे चित्र तारखेसह जपून ठेवा. प्रयत्न केला होता याचा तो पुरावा आहे. मात्र न्यायाधिकरणात जायचे ते अर्जाची अंतिम तारीख उलटण्यापूर्वी, अंतरिम मागणीसह.

इतर वाचकांसाठी थोडक्यात: जिल्हा परिषद किंवा महापालिकेच्या भरतीचा वाद मॅटकडे जात नाही, त्यासाठी उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात रिट याचिका करावी लागते, केंद्र सरकारच्या पदांसाठी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण आहे. व्हॉट्सअॅप गटावर वर्गणी देऊन ‘आपली केस सुरू आहे’ असे मानणाऱ्यांनी अर्जदारांच्या यादीत आपले नाव आहे का आणि वकीलपत्रावर आपण स्वतः सही केली आहे का, हे आजच तपासावे. पैसे दिले म्हणून कोणी अर्जदार होत नाही, आणि एकत्रित अर्जासाठी न्यायाधिकरणाची परवानगीही लागते.

खर्चाबद्दल तुम्ही लिहिले नाही, पण पतींच्या ‘सोडून दे’ मागे तीच काळजी असावी असे वाटते. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ नुसार स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत कायदेशीर साहाय्याचा हक्क आहे; जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात चौकशी करा. खासगी वकील घ्यायचा असेल तर सेवाविषयक प्रकरणे चालवणाराच घ्या. आणि पतींशी बोलताना दोन मागण्या वेगळ्या करून सांगा. जुनी यादी पुन्हा लागू करण्याची मागणी कठीण आहे, वेळखाऊ आहे आणि तिचे भवितव्य त्या अनियमिततेच्या स्वरूपावर ठरेल. निकालाची प्रत वाचल्यावर ती सोडून द्यावी असे वकिलांनी सांगितले, तर ते ऐकण्याची तयारी ठेवा. वयाच्या सवलतीची मागणी लहान आहे, वेळेत आहे, आणि मला विचाराल तर ती सोडू नये.

वकिलांकडे जाताना मूळ जाहिरात, तात्पुरती निवड यादी, रद्द झाल्याचे पत्र, सर्व निवेदने, चार महिन्यांपूर्वीचे उत्तर, रुग्णालयाची कागदपत्रे आणि नवी जाहिरात, असा संच तारखांच्या क्रमाने लावून न्या आणि वरच्या कागदावर नव्या अर्जाची अंतिम तारीख मोठ्या अक्षरांत लिहा. ती भेट या आठवड्यातच व्हायला हवी.